अलिगोची तिथी

नील आणि रेवा,

हे तुमची आई तुम्हाला वाचून दाखवेल, कारण तुमचं मराठी बोलण्यापुरतं आहे, वाचण्याइतकं नाही. तिला सांगा, मधलं काही गाळायचं नाही. तिचा आवाज कुठे अडखळला ते मला फोनवरही कळतं.

आत्ता लिहायचं कारण नीलचा शाळेचा प्रकल्प. 'आमच्या घरचा एक सण' असा विषय मिळाला आणि या मुलाने दिवाळी सोडली, गणपती सोडले आणि 'अलिगो' निवडला. इंटरनेटवर शोधलं, तिथे तो सापडला नाही. आईला विचारलं, तर ती म्हणाली, "तो आजीचा सण आहे, तिलाच विचार." म्हणून परवा मला फोनवर तीन प्रश्न आले. अलिगो कोणत्या देवाचा? तो कोणत्या तिथीला येतो? आणि नैवेद्याला काय करतात?

कुणी प्रश्न विचारले की मी क्रमाने उत्तरं देते. इतकी वर्षं पेणच्या शाळेत इंग्रजी शिकवलं, ती सवय जात नाही. पण या तीन प्रश्नांना तशी उत्तरं देता येत नाहीत. त्यासाठी आधी तुमच्या आजोबांच्या थोरल्या बहिणीविषयी सांगायला हवं, आणि त्यांच्याविषयी मी आजवर फारसं बोललेले नाही. बोलले नाही, कारण मला त्यांचा हेवा वाटायचा. 'वाटायचा' असं लिहिलं खरं. ते क्रियापद कोणत्या काळात हवं, हे शेवटी ठरवू.

त्यांचं नाव शेवंता. रोह्यात सगळे त्यांना शेवंताबाय म्हणत. तुमची आई म्हणे शेवंताआत्या. मी 'वन्सं' म्हणत असे. नवऱ्याच्या बहिणीला आमच्यात तशीच हाक मारतात. भात आणि वाल पिकवणाऱ्या घरातल्या त्या. लग्नानंतर थोड्याच वर्षांत नवरा गेला, तेव्हा माहेरी परत न जाता त्यांनी रोह्यात एक खोली घेतली, एक जुनं शिवणाचं मशीन घेतलं आणि बायकांचे झंपर, मुलींचे परकर नि फ्रॉक शिवायला बसल्या. उंच, काटकुळ्या, खांद्यावरून लोंबणारी मापाची टेप. ती टेप त्या जेवतानाही काढत नसत. ओठांत नेहमी टाचण्या. बोलायच्या तेही टाचण्यांच्या फटीतून, तोंडाच्या डाव्या कोपऱ्याने, त्यामुळे त्यांचे शब्द एकमेकांना चिकटून बाहेर पडत. नव्या माणसाला अर्धं बोलणं कळत नसे, पण गंमत अशी की मुलांना सगळं कळे.

मी लग्न होऊन प्रथम रोह्याला गेले त्या दिवशी त्या दारातच म्हणाल्या, "ये गो. दमलीस ना?"

माझं माहेर मुंबईचं, शाळा इंग्रजी माध्यमाची. मी तेवीस वर्षांची होते आणि माझी काही मतं होती. मी म्हटलं, "मला गो म्हणू नका हं. आमच्याकडे म्हणत नाहीत."

वन्संनी तोंडातल्या टाचण्या एकेक करून काढल्या, टाचण्यांच्या छोट्या गादीला टोचल्या आणि स्वच्छ आवाजात म्हणाल्या, "बरं, मास्तरीणबाय."

त्या दिवसापासून मी मास्तरीणबाय. बाकी सगळ्या जगाला त्या गो म्हणत. गिऱ्हाइकांना म्हणत, शेजारणीला म्हणत, दारात येणाऱ्या मांजरीला म्हणत. दोरा तुटला की मशीनला म्हणत, "काय गो तुझं मेलीचं!" मला मात्र कधी नाही. मी सांगितलं होतं ते त्यांनी पाळलं. इतकं कुणी पाळावं असं वाटत नसतं, पण ते बोलून दाखवता येत नाही.

आता वन्संच्या पंचांगाकडे येते. शिंपी माणसाने दिलेली तारीख तशीही काल्पनिकच असते, हे तुम्हाला तिकडे तयार कपड्यांच्या देशात कळायचं नाही. वन्संनी त्यात एक पाऊल पुढे टाकलं होतं. त्यांच्या तारखा आपल्या जगातल्याच नव्हत्या.

एकदा मी बसलेली असताना खाडीकडच्या गावातली एक बाई तणतणत आली. "शेवंताबाय, परवा माजे पोरीची हलद हाय, नि झंपर अजून कापडातच!"

"पंचमीला ये गो."

"कंची पंचमी? पंचमी तं गेली!"

"चिंबोरीची पंचमी."

"चिंबोरीची? ती कंच्या कॅलेंडरात हाय?"

"माझ्या," वन्सं म्हणाल्या, आणि मशीन पुन्हा सुरू केलं.

बाई आधी भडकली, मग हसायला लागली. चहा पिऊन गेली. हळदीच्या सकाळी झंपर तयार होता. हळदीचा झंपर वन्संनी कधी चुकवला नाही. पण त्या दिवशी जाताना ती बाई उंबऱ्यावरून मला म्हणाली, "तुमची ननंद येडी हाय, पन तिचे इथून रागावून जाता येत नाय." मला ते लागलं. माझ्यावर रागावून जाणारे पुष्कळ होते, आणि त्यांना मी चहासुद्धा विचारत नसे.

तेव्हा मला वाटलं, गिऱ्हाइकांना टाळायची ही एक युक्ती. ते पंचांग केवढं मोठं आहे आणि ते कुणासाठी वाढलं, हे मला माहीत नव्हतं.

मंजू, म्हणजे तुमची आई, सहा वर्षांची असताना मला बी.एड. करायला मुंबईला जावं लागलं. नोकरी कायम व्हायची तर ते हवंच होतं. तुमचे आजोबा पाटबंधारे खात्यात, आज या कालव्यावर तर उद्या त्या. मग मंजूला रोह्याला वन्संकडे ठेवलं. पावसाळ्याच्या तोंडावर गेले ती परीक्षा झाल्यावर एप्रिलात परत यायची होते. मध्ये दिवाळीला येईन असं कबूल केलं होतं, पण ऐन दिवाळीत मला टायफॉइड झाला आणि मी दादरला मावशीकडे पडून राहिले. तेव्हा आपल्याकडे घरोघरी फोन नव्हते. मी येत नाही हा निरोप रोह्याला पोचला तेव्हा दिवाळी होऊन गेली होती.

एप्रिलात परीक्षा संपली त्याच्या दुसऱ्या सकाळी मी एस.टी. पकडली. रोह्याच्या स्टँडवर गाडी वळली तेव्हा मला खिडकीतून दोघी दिसल्या. वन्सं उन्हात उभ्या, आणि मंजू त्यांच्या हाताला. मी पिशव्या सावरत उतरत होते तेवढ्यात कुणीतरी मोठ्याने ओरडलं. स्टँडवर सगळेच ओरडत असतात, मी लक्ष दिलं नाही. वर पाहिलं तर मंजू नव्हती. ती वन्संच्या पदरामागे जाऊन लपली होती.

मी हात पुढे केले. ती आली नाही. बऱ्याच वेळाने पदराआडून एक छोटा हात बाहेर आला. त्यात पोह्याच्या पापडाची तेलात बुडवलेली लाटी होती, एका बाजूने चावलेली.

"घे," मंजू म्हणाली. "आज अलिगो आहे."

"काय आहे?"

"सण हाय आमचा," वन्सं म्हणाल्या. "घ्या, मास्तरीणबाय."

मी लाटी घेतली आणि खाल्ली. पण माझी मुलगी दुसऱ्या बाईच्या पदरामागे उभी राहून मला त्यांच्या सणाचं नाव सांगत होती, हे मी विसरले नाही. आजही ती लाटी तोंडात फिरते.

पेणला परत आल्यावर मला हळूहळू कळलं की मंजू नुसती रोह्याला राहून आलेली नाही, ती 'पल्याड' राहून आली आहे. पल्याड म्हणजे कुंडलिका नदीचा पलीकडचा काठ नव्हे. त्याच्याही पलीकडे एक मुलूख होता. तिथे सूर्य दुपारी जेवायला घरी जातो आणि झोप काढून येतो, म्हणून भर दुपारी कंदील लावतात. तिथे पोलिसांच्या जागी चिंबोऱ्या, म्हणजे खेकडे, आहेत, कारण त्या पकडतात घट्ट, पण सरळ तुमच्या अंगावर येऊ शकत नाहीत. लोक आपली सावली रात्री घडी घालून उशाला ठेवतात, नाहीतर सकाळी ती चुरगळलेली पडते. आणि तिथलं वर्ष नऊ महिन्यांचं आहे.

त्या महिन्यांना दिवस ठरलेले नव्हते. पल्याडला महिना दिवस संपल्यावर संपत नाही, काम संपल्यावर संपतो. 'मोड' नावाचा महिना वालाला मोड आले की संपायचा, म्हणजे भिजत घातल्यापासून फार तर दोन दिवस. 'चिंबोरी' महिना चिंबोरीने कवच टाकलं की संपायचा. 'शिलाई' हा सर्वांत लांब, कारण तो शेवटच्या गिऱ्हाइकाचा शेवटचा झंपर गेल्यावर संपे. अवेळी पावसाने, तापाने किंवा भांडणाने वाया गेलेला दिवस फुकट जात नसे. त्याला 'शिळा दिवस' म्हणत. तो टोपलीखाली झाकून ठेवायचा आणि पुढे कधीतरी गरम करून वापरायचा. शेवटच्या महिन्याचं नाव होतं 'वाट', आणि वाट संपली की नवं वर्ष. तोच अलिगो.

हे मी इतकं नीट सांगू शकते, कारण मंजूने मला ते वर्षानुवर्षं ऐकवलं. जेवताना, वेणी घालताना, ताप मोजताना. मी तिला इंग्रजी कविता पाठ करायला देत असे. ती पाठ करायची आणि लगेच विचारायची, "आई, आज पल्याडला काय असेल?"

पेणच्या शाळेत पहिलीच्या बाईंनी तोंडी परीक्षेत विचारलं, "वर्षाचे महिने किती?"

मंजू म्हणाली, "कुठले? इथले बारा. पल्याडचे नऊ."

"बरं. आणि आठवड्याचे वार?"

"पल्याडला सहा. सोमवारला काढून टाकलंय. सगळे त्याला नावं ठेवायचे."

बाईंनी हे शिक्षकांच्या खोलीत सांगितलं. पुढे किती वर्षं मुख्याध्यापक मला शनिवारी निघताना विचारत, "बाई, सोमवारी येणार ना? की काढून टाकलाय?" सगळे हसत. मीही हसत असे. घरी जाताना मात्र मनात एकच यायचं, की माझ्या मुलीच्या तोंडून आख्खी शाळा त्या टाचण्यावाल्या बाईचं बोलणं ऐकते आहे.

मग मी एक गोष्ट केली. मीही एक देश काढला. मी ते काम वन्संपेक्षा पद्धतशीर केलं, हे आजही सांगते. त्याला राजधानी होती, दोन नद्या होत्या, पुठ्ठ्यावर काढलेला नकाशा होता आणि त्याला प्रमाणसुद्धा दिलं होतं. पंचांग सौर होतं, लीप वर्षासकट. मे महिन्याच्या सुट्टीत एका सकाळी मी मंजूला समोर बसवून सगळा देश समजावला. तिने शांतपणे ऐकलं. शेवटी म्हणाली, "आई, तिथे शाळा आहे?"

"आहे ना, उत्तम शाळा आहे."

"मग नको," ती म्हणाली आणि खेळायला गेली.

पुठ्ठा मी नंतर पिठाच्या डब्याखाली घातला.

अलिगो कधी येणार हे फक्त वन्संना माहीत असे. मंजू पेणला आणि त्या रोह्याला, तेव्हा निरोप यायचा तो रोहा-पेण गाडीच्या कंडक्टरबरोबर. त्याच्याकडे कधी पोहे, कधी कडवे वाल यांची पिशवी दिलेली असे. शाळा स्टँडच्या वाटेवरच. मी वर्गात शिकवत असताना तो खिडकीशी येऊन उभा राहायचा आणि बाहेरूनच सांगायचा, "बाई, शेवंताबायनं सांगितलंय, परवा अलिगो हाय!" पोरं मान वळवून बघत. एकदा तर त्याने मला बाजूला घेऊन विचारलं, "बाई, त्या दिवशी आमाला सुट्टी असते का?"

मी बारकाईने पाहत आले होते. अलिगो नेमका त्याच दिवशी पडायचा, ज्या दिवशी वन्सं पेणला येत. त्या गाडीतून उतरायच्या, मंजू "अलिगो!" म्हणून किंचाळत धावत सुटायची, आणि मग घरात पोह्याचं पीठ भिजवून लाट्या. पापडाचा मोसम असो नसो. कधी मंजूच सुट्टीत रोह्याला जायची, तर त्या दिवशी अलिगो तिकडे. मी मनाशी निष्कर्ष काढला होता: या बाईने आपल्या येण्या-भेटण्याचाच सण करून ठेवला आहे, आणि माझी मुलगी तो पाळते आहे. वरवर भोळ्या दिसणाऱ्या माणसाची ही हुशारी मला कमालीची झोंबायची. मी रोज संध्याकाळी शाळेतून घरी येत होते. रोज येणाऱ्या माणसाचा कुणी सण करत नाही.

मंजूच्या लग्नात तर वन्संनी कहर केला. मुलगा परदेशी राहणारा, म्हणजे तुमचे बाबा. त्यांच्या घरची माणसं पुण्याची, मोजकं बोलणारी, मोजकं हसणारी. सगळं मी ठरवलेल्या वेळेला ठरवल्याप्रमाणे होत होतं. पाठवणीच्या वेळी मंजू सगळ्यांच्या पाया पडत पडत वन्संपाशी आली आणि माझ्यासमोर, मला नाही, त्यांना तिने विचारलं, "आत्या, आता अलिगो कधी?"

वन्सं डोळे पुसत मोठ्याने म्हणाल्या, "आता कसला अलिगो गो! आता वाट लागली बघ!"

विहीणबाई माझ्याकडे बघतात, व्याही चपलेकडे बघतात. त्यांच्या घरी जाणाऱ्या सुनेला तिची आत्या सांगते आहे की तुझी वाट लागली! मी घाईघाईने "म्हणजे, तसं नाही, तो एक महिना आहे" असं काहीतरी सांगायला गेले आणि ते आणखीच विचित्र झालं. मंजू मात्र वन्संच्या गळ्यात पडून रडता रडता हसत होती. त्या दोघींना काय म्हणायचं आहे ते फक्त त्या दोघींना कळत होतं. आई म्हणून मी वरात निघेपर्यंत पिशव्या मोजत उभी राहिले.

शेवटची काही वर्षं वन्सं रोह्याजवळ वरशाला राहायला गेल्या. त्यांच्या धाकट्या पुतण्याला तिथल्या धाटावच्या कंपनीत नोकरी होती, त्याचं तळमजल्यावर घर होतं. डोळे गेले नव्हते, पण सुईत दोरा जाईनासा झाला होता. मशीनवर चादर घातलेली. टेप मात्र गळ्यात.

मंजू डिसेंबरात येणार असल्याचं कळलं, नीलला घेऊन, पहिल्यांदाच. तिने फोनवर माझी खुशाली विचारली आणि पाठोपाठ म्हणाली, "आत्याला विचार ना, अलिगो कधी." म्हणून मी पेणहून वरशाला गेले. नागोठण्यापाशी रस्त्यावर पाणी आलं होतं, गाडी बराच वेळ अडकली. मला वाटलं, हा शिळा दिवस. आणि असं आपल्याला वाटलं, याचाच मला राग आला.

पुतण्या रात्रपाळी करून झोपला होता. वन्सं दारात खुर्ची टाकून बसल्या होत्या. मी निरोप सांगितला.

"मला कशाला इचारते?" त्या म्हणाल्या. "आणायला कोण जाणार?"

"मीच जाणार. विमानतळावर."

"मंग तीच तिथी. उतरली का मोठ्यानं म्हणायचं."

"काय म्हणायचं?"

"आली गो!"

आता त्यांच्या ओठांत टाचण्या नव्हत्या. इतकी वर्षं तो शब्द मी ऐकला होता तो एक तर त्या फटीतून, नाहीतर मंजूच्या बोबड्या तोंडातून. त्या दिवशी तो पहिल्यांदा सुटा ऐकला. दोन शब्द. आली, गो.

मी खाली उंबऱ्यावर बसले. "वन्सं, हे कधीपासून?"

"तू दिवाळीला यायची व्हतीस ना, तवापासून. पोर सकाळी नवा फ्रॉक घालून स्टँडवर. पेणची गाडी आली, नागोठण्याची आली, मुंबईची आली. शेवटची गेली तरी हलंना. घरी आली नि भिंतीवरचं कॅलेंडर फाडलं तिनं. म्हणाली, हे खोटं बोलतं." वन्संनी टेपचं टोक बोटाला गुंडाळलं. "मी शिंपीण. तारीख दिली का ती चुकते, हे माझ्यापरीस कुणाला ठावं? म्हटलं, आपण असा महिना करू जो चुकायचाच नाय. जवा आई येईल तवा संपंल. मंग येऊ दे तिला जवा यायचं तवा. उशीर व्हायचाच नाय."

"आणि मी आले तेव्हा कोण ओरडलं?"

"मीच! आली गो, म्हणून असं बोंबलले, तुझी पोर घाबरून माझ्या पदरामागं!" त्या हसायला लागल्या, हसता हसता त्यांना ठसका लागला. "तुला वाटलं आसंल, तुला बघून लपली."

मला तसंच वाटलं होतं. एक-दोन दिवस नव्हे, मंजूच्या सगळ्या बालपणभर.

मी पाणी आणून दिलं. निघताना मी चपला घालत होते तेव्हा त्या म्हणाल्या, "सावकाश जा गो." लगेच त्यांनी जीभ चावली. "चुकून आलं तोंडात, मास्तरीणबाय."

"राहू दे," मी म्हटलं.

रिक्षात बसल्यावर मागे वळून पाहिलं. त्या तशाच खुर्चीत होत्या, टेप दोन्ही हातांत ताणून धरलेली, आणि एक डोळा बारीक करून माझ्या रिक्षाकडे बघत होत्या, जसं गिऱ्हाईक दारातून जाताना त्या त्याच्या खांद्याचं माप नजरेने घेत. मी त्यांना शेवटचं पाहिलं ते असं. नोव्हेंबरात त्या गेल्या.

डिसेंबरात विमानतळावर मी कठड्याशी उभी होते. नील, तू आईच्या खांद्यावर झोपला होतास. आसपास इतकी माणसं होती की मला मोठ्याने ओरडता येईना. मंजू अगदी जवळ आली तेव्हा मी हळू आवाजात म्हटलं, "आली गो." ती रडायला लागली. मी तिला घरी आल्यावर विचारलं, "हे दोन शब्द आहेत, हे तुला कधी कळलं?" तर ती माझ्याकडे बघतच राहिली. "अगं, म्हणजे काय आई! तुला माहीत नव्हतं?"

मला नव्हतं. व्याकरण शिकवणं माझा धंदा, म्हणून नंतर मी तो शब्द नीट सोडवून पाहिला. 'आली' ती मी. 'गो' ती मंजू, जिला हे सांगितलं ती. एका शब्दात आम्ही मायलेकी आहोत. ज्यांनी तो केला त्या त्यात कुठेच नाहीत. असा शब्द मला सुचला नसता, लीप वर्षासकट देश काढूनही सुचला नव्हता. तेव्हा ते वर राहिलेलं क्रियापद आता लिहिते. मला त्यांचा हेवा वाटतो.

आता नीलची उत्तरं. अलिगोला देव नाही. त्याला तिथी नाही; ज्याची वाट बघतोय ते माणूस दारात आलं की तो असतो. नैवेद्य पोह्याच्या पापडाची लाटी, तेलात बुडवून, आणि पहिला घास येणाऱ्याने घ्यायचा. ती आधी कुणी चावलेली असली तरी चालते.

पल्याडचे नऊच्या नऊ महिने आता मला आठवत नाहीत, मंजूलाही नाही. मोड, चिंबोरी, शिलाई आणि वाट एवढे आठवतात. मशीन पुतण्याने विकलं. टेप माझ्याकडे आहे. अलिगो अजून पाळला जातो, पेणला आणि तुमच्याकडे, अशा दोन घरांत.